एका मुळाच्या अनेक शाखा

बँकेतील माणसाच्या तोंडी ‘शाखा’ हा शब्द दिवसातून शंभर वेळा येतो. शाखा उघडते, शाखेचे स्थलांतर होते, शाखेत बदली होते, शाखेची तपासणी होते. हा शब्द मुळात झाडाच्या फांदीचा, हे मात्र आपण विसरून गेलेलो असतो. मला त्याची आठवण झाली ती काशीच्या मुन्शी घाटावर, आईशेजारी पायरीवर बसलेली असताना.

वडिलांना जाऊन दोन वर्षे झाली होती. काशीयात्रा दोघांनी मिळून करावयाची, असे त्यांच्या निवृत्तीपासून घरात चालले होते. ते राहून गेले. म्हणून बँकेकडून मिळणारी प्रवास सवलत मी त्या वर्षी आईसाठी राखून ठेवली आणि कार्तिकात आम्ही मायलेकी वाराणसीस गेलो. दशाश्वमेध घाटावरील गर्दी आईला सोसेना. तेथून दक्षिणेकडे चालत शीतला घाट आणि अहिल्याबाई घाट ओलांडला, की मुन्शी घाट लागतो. नागपूर संस्थानचे अर्थमंत्री श्रीधर नारायण मुन्शी यांच्या नावाने तो ओळखला जातो. एका बाजूस इंदूरच्या अहिल्यादेवींचे नाव आणि येथे नागपूरच्या कारभाऱ्याचे. गंगेच्या काठी बसूनही आपण घरापासून फार लांब आलेलो नाही, असे आईला वाटले असावे. ती निवांत टेकून बसली.

मुन्शी घाटावरील पारवे

घाटाच्या माथ्यावर चुनारी दगडाची उंच, बुरुजांची वास्तू उभी आहे. तिच्या कंगोऱ्यांवर शेकडो पारवे बसलेले होते. आरतीच्या घंटेचा आवाज आला, की सारा थवा एकदम उठे, पाण्यावरून एक वळसा घेई आणि पुन्हा आपापल्या कोनाड्यात परते. आई म्हणाली, “अगं, हे तर आपल्या त्र्यंबकच्या देवळावरचेच पारवे!”

तिचे म्हणणे शास्त्राला धरून होते. पारवा हा मुळात कड्याकपारींत राहणारा पक्षी. माणसाने दगडी वाडे, मंदिरे आणि घाट बांधले, तेव्हा त्याला नवे कडेच मिळाले. याच पारव्याला माणसाने हजारो वर्षे पाळले आणि निवडून निवडून त्याच्या नाना तऱ्हा निपजविल्या. मोरासारखा पिसारा फुलविणारा लक्का, जमिनीवर कोलांट्या घेणारा लोटन, उंच आकाशात तासन्‌तास फिरणारा गिरहबाज ही सारी एकाच पारव्याची वंशावळ. चार्ल्स डार्विनने १८५९ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथाच्या पहिल्याच प्रकरणात कबुतरांचा सविस्तर विचार केला आहे. त्यासाठी त्याने स्वतः कबुतरे पाळली, लंडनमधील कबुतरपाळांच्या मंडळांचे सदस्यत्व घेतले. साध्या पारव्याच्या शेपटीत बारा-चौदा पिसे असतात, तर लक्क्याच्या शेपटीत तीस-चाळीस, अशी नोंद त्याने केली आहे.

तरीही लक्का आणि लोटन या दोन वेगळ्या जाती ठरत नाहीत. त्यांना एकत्र सोडले, तर त्यांची जोडी जमते, पिले होतात आणि काही पिढ्यांत साधा पारवा पुन्हा डोके वर काढतो. माणसाची निवड थांबली, की शाखा मुळाकडे परतते. मग निसर्गात शाखा कायमची वेगळी होते ती कशी? आणि एखाद्या मुळाला थोड्याच काळात एकदम अनेक शाखा फुटतात त्या कशामुळे?

टोपलीतील तीन मासे

थोड्या वेळाने एक नाव काठाला लागली. नावाड्याने टोपली पायरीवर ठेवली. तिच्यात तीन तऱ्हांचे मासे होते. आम्ही पाहतो आहोत हे लक्षात येताच त्याने नावेही सांगितली: रोहू, भाकुर आणि नैन. आपल्याकडे भाकुराला कटला आणि नैनला मृगळ म्हणतात.

या तिघांशी माझी ओळख जुनी; पण ती कागदावरची. ग्रामीण शाखेत असताना शेततळ्यातील मत्स्यपालनाचे कर्जप्रस्ताव माझ्याकडे येत. प्रत्येक प्रस्तावात कटला, रोहू आणि मृगळ यांचे बीज एकाच तळ्यात सोडण्याची योजना असे. पहिल्या वेळी मी अर्जदार शेतकऱ्याला विचारले होते, “काका, तीन तऱ्हांचे मासे एका पाण्यात सोडले तर ते एकमेकांचे खाद्य पळवणार नाहीत का?” ते हसून म्हणाले, “मॅडम, एक वरचं खातो, एक मधलं, एक तळाचं. भांडणार कशाला?”

मुन्शी घाटावर त्या टोपलीत मला ते उत्तर डोळ्यांनी पाहता आले. कटल्याचे तोंड वरच्या बाजूस वळलेले, पृष्ठभागावरील सूक्ष्म जीव टिपण्यासाठी. मृगळाचे तोंड खालच्या बाजूस, तळाचा गाळ चाळण्यासाठी. रोहू या दोहोंच्या मधला, झालरीसारख्या ओठांचा. तिघेही एकाच मत्स्यकुळातील. नदी एक, पण कामाच्या जागा तीन. हे तिघे थोड्या काळात एका मुळापासून फुटले, असे येथे म्हणावयाचे नाही. परंतु नातलगांनी जागा वाटून घेतल्याचे इतके सोपे चित्र दुसरे मिळणार नाही. अशी वाटणी झपाट्याने होऊन एका पूर्वजापासून अनेक जाती निर्माण होतात, तेव्हा त्या घटनेला जीवशास्त्रात अनुकूली प्रसरण म्हणतात.

रिकाम्या जागेची संधी

या प्रसरणाचे नावाजलेले उदाहरण दक्षिण अमेरिकेच्या पश्चिमेस, किनाऱ्यापासून सुमारे हजार किलोमीटरवर असलेल्या गॅलापागोस बेटांवर आहे. सुमारे वीस लाख वर्षांपूर्वी मुख्य भूमीवरून फिंच जातीच्या लहान पक्ष्यांचा एक थवा तेथे पोहोचला. ही बेटे ज्वालामुखीची, नव्याने वर आलेली. मुख्य भूमीवर एकेका कामासाठी वेगवेगळे पक्षी आधीच ठाण मांडून बसलेले असतात. येथे बहुतेक आसने रिकामी होती. त्या एका पूर्वजाच्या वंशात आज सतरा-अठरा जाती मोजल्या जातात. कोणाची चोच जाड, कठीण बिया फोडणारी. कोणाची बारीक, कीटक टिपणारी. कोणी निवडुंगाच्या फुलांवर जगतो, तर कोणी काटकी चोचीत धरून लाकडातील अळी उकरून काढतो.

अशा प्रसरणाला तीन गोष्टी लागतात. पहिली, मोकळी संधी: नवे बेट, नवे सरोवर, नवा डोंगर, किंवा जुन्या जीवांच्या ऱ्हासामुळे रिकामी झालेली जागा. दुसरी, पूर्वजाच्या अंगी असलेली विविधता. एकाच घरट्यातील पिलांच्या चोचींतही थोडाफार फरक असतो आणि तो वारशाने पुढे जातो. तिसरी, ताटातूट. समुद्र, दरी, हंगाम, गाण्याची लकब किंवा अंगाचा रंग यांपैकी कशाने तरी दोन गट एकमेकांशी जोडी करीनासे झाले पाहिजेत. ही तिसरी गोष्ट नसेल, तर फुटू पाहणारी शाखा पारव्यांप्रमाणे पुन्हा मूळ खोडात मिसळून जाते.

निवडीचे काम प्रत्यक्ष चालताना पीटर आणि रोझमेरी ग्रँट या दांपत्याने पाहिले. १९७३ पासून पुढे दशकानुदशके ते डॅफ्नी मेजर नावाच्या छोट्या बेटावर पक्ष्यांच्या चोची मोजत राहिले. १९७७ साली तेथे भीषण दुष्काळ पडला. मऊ, बारीक बिया संपल्या. उरल्या त्या आपल्या सराट्याच्या जातकुळीतील काटेरी, टणक बिया. मध्यम चोचीच्या फिंचांपैकी सुमारे ८५ टक्के पक्षी दगावले. वाचले ते बहुधा जाड चोचीचे, आणि त्यांच्या पिलांच्या चोचीही सरासरीने जाड निघाल्या. पुढे १९८३ च्या अतिवृष्टीनंतर बारीक बियांचे पीक आले आणि पारडे उलट फिरले. त्याच बेटावर १९८१ मध्ये शंभर किलोमीटरवरील दुसऱ्या बेटावरून एक अनोळखी नर आला. त्याने स्थानिक मादीशी घर केले. त्याच्या वंशजांचे गाणे आणि चोच इतरांहून वेगळी असल्यामुळे दोन-तीन पिढ्यांतच ते केवळ आपसांत जोड्या जमवू लागले. नवी शाखा फुटण्याचा पहिला डोळा असा माणसाच्या नजरेसमोर उघडला.

घाटाकडून घाटाकडे

आपल्या भाषेत ‘घाट’ या शब्दालाही दोन फांद्या आहेत. एक पाण्याकडे उतरते, तर दुसरी डोंगर चढून कोकणातून देशावर जाते. गंगेच्या घाटावर मनात आलेल्या प्रश्नाचे आपले उत्तर या दुसऱ्या घाटात, म्हणजे सह्याद्रीत आहे. बेट होण्यासाठी भोवती समुद्रच हवा असे नाही. उंच, थंड, ओल्या डोंगरमाथ्याभोवती उष्ण, कोरडी दरी असेल, तर माथ्यावरच्या जीवाला ती समुद्राइतकीच दुस्तर असते.

पश्चिम घाटाच्या सुमारे १६०० किलोमीटरच्या रांगेत नखाएवढ्या किंवा अंगठ्याएवढ्या झुडपी बेडकांच्या जाती राहतात. त्यांच्या एका प्रजातीतच सत्तरहून अधिक जाती आजवर नोंदल्या गेल्या आहेत. त्यांतील एक २०१३ मध्ये सातारा जिल्ह्यातून नोंदली गेली आणि पुण्याचे प्राणिशास्त्रज्ञ डॉ. हेमंत घाटे यांचे नाव तिला देण्यात आले. या बेडकांच्या पूर्वजाकडे एक मोठे भांडवल होते. त्यांच्या अंड्यातून डोंबा बाहेर न पडता थेट इवलासा बेडूकच बाहेर येतो. डबक्याची गरज संपल्यामुळे ओले पान, शेवाळ, गवताचा बुंधा ही सारी घरे त्यांना खुली झाली. मग हवामान पालटत गेले, माथ्यांवरील जंगले आकसली आणि पसरली, पालघाटसारख्या खिंडींनी वंश दुभंगले. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील संशोधकांनी या बेडकांच्या जनुकांचा अभ्यास करून ही वंशावळ मांडली आहे. तीत पसरण्याची संधी जितकी दिसते तितकीच ताटातूटही दिसते. कोणता फरक उपयोगातून आला आणि कोणता निव्वळ दुराव्यातून, हे प्रत्येक वेळी वेगळे काढता येत नाही. निसर्ग खाती इतकी स्वच्छ ठेवीत नाही.

वनस्पतींमधील असेच उदाहरण म्हणजे कंदीलपुष्प. पावसाळ्यात गवतातून वर येणारे हे लहानसे झुडूप किंवा वेल. त्याचे फूल खरोखरच आकाशकंदिलासारखे: खाली फुगीर तळ, मध्ये नळी, वर पाच पाकळ्यांची जाळी. वासाला भुलून चिलटासारखी माशी नळीत उतरते. आतले केस खाली वळलेले असल्याने तिला परतता येत नाही. काही काळाने फूल कलते, केस सुकतात आणि माशी सुटते. जाताना अंगावर परागांची इवली पोटळी घेऊन जाते. नळीची लांबी, तोंडाचा आकार, वास यांत थोडा बदल झाला, तरी येणारी माशी बदलू शकते. माशी बदलली, की परागांची देवघेव थांबते आणि ताटातूट घरबसल्या होते. भारतात कंदीलपुष्पाच्या पन्नासहून अधिक जाती आहेत. त्यांतील बहुसंख्य पश्चिम घाटात. सह्याद्रीत कित्येक जाती एखाद-दुसऱ्या गडापुरत्याच सापडतात. एक हरिश्चंद्रगडाच्या परिसरातली, एक विशाळगडाची. ही विशाळगडाची जात २०२३ मध्ये शास्त्राला ज्ञात झाली आणि छत्रपती शिवरायांच्या नावावरून तिचे ‘सेरोपेजिया शिवरायियाना’ असे नामकरण झाले.

आणि एक आहे अंजनेरीची. नाशिक-त्र्यंबक रस्त्यावरील अंजनेरीच्या पठारावरून २००६ साली तिची नोंद झाली: ‘सेरोपेजिया अंजनेरिका’.

आईचे माहेर अंजनेरीच्या पायथ्याचे. काशीहून परतल्यावर मी तिला कंदीलपुष्पाची छायाचित्रे दाखविली. तिने चष्मा लावला, बराच वेळ पाहिले आणि म्हणाली, “ही तर खरपुडी! पावसाळ्यात गुरांमागे गेलो, की आम्ही भावंडं काठीनं उकरून हिचे कंद खायचो. गोडसर लागायचे.” मग क्षणभर थांबून तिने विचारले, “आम्ही खाल्ली ती ही दुर्मीळ तर नव्हती ना गं?”

मला उत्तर देता आले नाही. खरपुडी ही या गोतातील बरीच पसरलेली जात. आईने खाल्ली ती बहुधा तीच. पण पोरांच्या काठीला जात कळत नाही, आणि त्या काळी शास्त्रज्ञांनाही अंजनेरीची जात ठाऊक नव्हती. तिच्या माहेरच्या डोंगरावर, तिच्या पायाखाली, नाव नसलेला एक वंश उभा होता.

विलीनीकरण

शाखा फुटायला किती काळ लागतो आणि मिटायला किती, याचा ताळेबंद आफ्रिकेतील व्हिक्टोरिया सरोवराने मांडून ठेवला आहे. हे सरोवर सुमारे १५,००० वर्षांपूर्वी जवळजवळ कोरडे पडले होते. ते पुन्हा भरल्यावर सिक्लिड कुळातील माशांना त्यात सुमारे पाचशे शाखा फुटल्या. शेवाळ खरवडणारे, गोगलगायी फोडणारे, दुसऱ्या माशांची पिले खाणारे, असे नाना धंदे त्यांनी पत्करले. पृष्ठवंशी प्राण्यांत यापेक्षा वेगवान प्रसरण क्वचितच आढळते.

विसाव्या शतकाच्या मध्यास, १९५० च्या दशकापासून, त्या सरोवरात नाईल पर्च हा प्रचंड शिकारी मासा सोडण्यात आला. हेतू उत्पन्न वाढविण्याचा होता आणि उत्पन्न वाढलेही. पण १९८० च्या दशकात त्याची संख्या बेसुमार झाली आणि सिक्लिडांच्या सुमारे दोनशे जाती नाहीशा झाल्या असाव्यात, असा अभ्यासकांचा अंदाज आहे.

याहून मनाला चटका लावणारी गोष्ट १९९७ साली ओले झीहाउझेन व त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवून दिली. काठावरची शेती आणि वस्ती यांचा मळ उतरून सरोवराचे पाणी गढूळ झाले होते. या माशांच्या माद्या नराचा रंग पाहून जोडीदार निवडतात. निळ्याची निळ्याला, तांबड्याची तांबड्याला. गढूळ पाण्यात रंगच दिसेनासे झाले. कोणी कोणाला मारले नाही, कोणी उपाशी राहिले नाही; केवळ ओळख पुसली गेली आणि वेगळे झालेले वंश पुन्हा एकमेकांत मिसळू लागले.

आपल्या क्षेत्राने २०१९ आणि २०२० मध्ये बँकांची विलीनीकरणे पाहिली. तेथे प्रत्येक खात्याचा हिशेब जुळवला जातो आणि ठेवीदाराचा पैसा जागच्या जागी राहतो. निसर्गातील विलीनीकरणाला लेखापरीक्षक नसतो. हजारो वर्षांत जमलेली विशिष्ट चोच, विशिष्ट दात, विशिष्ट वास ही पुंजी तेथे कोणाच्याच खात्यावर वर्ग होत नाही. जागा सारख्या झाल्या, पाणी सगळीकडे एकसारखे गढूळ झाले, पठारे एकसारखी सपाट झाली, तर त्या जागांनी घडविलेले जीवही एकसारखे होतात किंवा जातात. शाखा टिकवावयाची, तर ती जेथे फुटली तो कोपरा टिकवावा लागतो.

आपल्याकडे हे भान असलेली माणसे आहेत. कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठात प्रा. श्रीरंग यादव आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दुर्मीळ कंदीलपुष्पांची रोपे जमवून वाढविली. अंजनेरीच्या जातीचा शोध लावणाऱ्यांतही ते होते. अंजनेरीला संवर्धन राखीव क्षेत्राचा दर्जा मिळाला आहे. पण पावसाळ्यात गडांवर लोटणारी गर्दी, गुरांची चराई, वणवे आणि वाहनवाटा यांची टांगती तलवार अशा सगळ्याच पठारांवर आहे. ज्या जातीची सारी ठेव एकाच डोंगरावर आहे, तिच्या दृष्टीने एका हंगामातील निष्काळजीपणाही मोठा आहे.

अंजनेरीची वाट

पुढच्या भाद्रपदात आई आणि मी अंजनेरी चढलो. पायऱ्यांवर ती चार ठिकाणी टेकली, पण माथा सोडायला तयार होईना. वर धुके होते, पठार सोनकीने पिवळे झालेले. तासभर आम्ही पायवाट न सोडता दोन्ही बाजूंच्या गवतात नजर लावून चालत होतो. शेवटी तिलाच ते दिसले: वीतभर झुडूप, त्यावर दोन कंदील. ते अंजनेरीचेच की त्याच्या एखाद्या भावंडाचे, हे ठरविण्याइतके ज्ञान माझ्यापाशी नाही. आई खाली वाकली. सवयीने तिचा हात मुळाशी गेला आणि तसाच थांबला. मग तिने भोवतीचे वाकलेले गवत तेवढे नीट केले.

मी छायाचित्र घेतले. उतरताना ती म्हणाली, “फोटो दाखव हवा तर सगळ्यांना. जागा मात्र सांगू नकोस.”

म्हणून येथे ती सांगितलेली नाही.